माकोन्दोचे घड्याळ कोणी बिघडवले?

गाब्रिएल गार्सिया मार्केझ यांची ‘एकाकीपणाची शंभर वर्षे’ ही स्पॅनिश कादंबरी १९६७ साली ब्यूनस आयर्स येथे प्रसिद्ध झाली. १९८२ साली लेखकाला नोबेल पारितोषिक मिळाले. डिसेंबर २०२४ मध्ये कादंबरीवरील मालिका नेटफ्लिक्सवर अवतरली. या सर्व वर्षांत कादंबरीतील माकोन्दो या कल्पित गावाविषयी एक मत इतक्या वेळा उच्चारले गेले आहे की ते आता मत राहिले नसून रूढी झाली आहे. ते मत असे : माकोन्दो ही जादूची भूमी आहे. तेथे काळ सरळ वाहत नाही. तो वळसे घेतो, साचतो, कधी थिजतो. एका खोलीत सदैव मार्च महिना आणि सदैव सोमवार असतो. पाऊस सुरू झाला की वर्षानुवर्षे थांबत नाही. लॅटिन अमेरिका मुळातच अशी अद्भुत आहे, म्हणून तेथील लेखकाने ती तशी रंगवली. वाचकाने विस्मित व्हावे, दाद द्यावी आणि पुस्तक मिटावे.

प्रस्तुत लेखकाचे म्हणणे याच्या नेमके उलट आहे. माकोन्दोचा काळ विचित्र आहे, हे खरे. परंतु तो जन्मतः विचित्र नव्हता, तो तसा करण्यात आला. कोणी केला, कोणत्या मार्गाने केला आणि त्यात कोणाचा लाभ झाला, याची नोंद कादंबरीतच आहे. ती नोंद वगळून केवळ जादूचे कौतुक करीत राहणे हे निरुपद्रवी रसिकपण नव्हे. एका जुन्या गुन्ह्यावर पांघरूण घालण्याची ती सुसंस्कृत रीत आहे.

प्रथम मूळचे माकोन्दो पाहू. नदीकाठी वसलेली ही वस्ती तीनशे माणसांची. तिचा संस्थापक होसे आर्कादिओ बुएन्दिया याने घरे अशा रीतीने मांडली की नदीवरून पाणी आणण्यास प्रत्येकाला सारखेच श्रम पडावेत, आणि रस्ते असे आखले की कोणत्याही घराला दुसऱ्यापेक्षा अधिक ऊन लागू नये. पुढे अरब व्यापाऱ्यांकडून पक्ष्यांच्या मोबदल्यात आलेली संगीत वाजवणारी घड्याळे घरोघरी लागली. त्याने ती इतक्या नेमकेपणाने जुळवली की दुपारचे बारा साऱ्या गावात एकाच क्षणी वाजत आणि सर्व घड्याळांतून एकच धून पुरी ऐकू येई. जादूच्या शोधात निघालेले समीक्षक या घड्याळांपाशी फारसे थांबत नाहीत. थांबले असते तर त्यांना दिसले असते की या गावाचा काळ एकेकाळी बिनचूक होता, सामाईक होता आणि तो गावानेच लावलेला होता. श्रम सारखे वाटलेले होते तोवर वेळही सर्वांची एक होती.

हे घड्याळ दोन टप्प्यांत बिघडले. पहिला टप्पा राजसत्तेचा. सरकारने नेमलेला दंडाधिकारी येतो आणि पहिलाच हुकूम सोडतो की सर्वांनी घरे निळ्या रंगाने रंगवावीत. कोणी न बोलावलेले हे सरकार पुढे उदारमतवादी आणि रूढिवादी यांच्या यादवीत गावाला ओढते. कोलंबियाच्या इतिहासात या यादवीचे शेवटचे पर्व १८९९ ते १९०२ या काळात झाले आणि ‘हजार दिवसांचे युद्ध’ या नावाने ते ओळखले जाते. कादंबरीतील कर्नल औरेलियानो बुएन्दिया बत्तीस उठाव करतो आणि बत्तीसही हरतो. म्हातारपणी तो सोन्याचे लहान मासे घडवतो, ते विकून सोन्याची नाणी घेतो आणि नाणी वितळवून पुन्हा मासे घडवतो. शेवटी तर विकणेही थांबते. मासे पुरेसे झाले की तो ते वितळवतो आणि पहिल्यापासून आरंभ करतो. समीक्षकांना यात नियतीचे चक्र दिसते. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला त्यात श्रमाचे असे चक्र दिसते, ज्यातून काहीच शिल्लक राहत नाही. हे चक्र ध्यानात ठेवावे, कारण याच गावात लवकरच दुसरे चक्र फिरू लागते. त्यातून पुष्कळ शिल्लक राहते, मात्र गावात नव्हे.

हा दुसरा टप्पा केळीच्या कंपनीचा. पिवळ्या रंगाची आगगाडी येते, तिच्यातून एक परदेशी गृहस्थ उतरतो, जेवणात केळे खातो, मग ते उपकरणांनी आणि तराजूने तपासू लागतो. पाठोपाठ अभियंते, मोजणीदार, वकील येतात. तारेच्या विद्युत्भारित कुंपणाआड त्यांची वेगळी वस्ती उभी राहते. मार्केझ येथे थोडक्यात सांगतात की या मंडळींनी पर्जन्यमान बदलले, पिकांचे चक्र घाईचे केले आणि नदी होती तेथून उचलून गावाच्या पलीकडे नेऊन ठेवली. ज्या नदीपासून प्रत्येक घर समान अंतरावर होते ती नदीच हलवली गेली, आणि पिकाचा काळ कंपनीच्या सोयीने धावू लागला. माकोन्दोच्या काळाचे नियंत्रण गावाच्या हातून गेले ते येथे. याहून स्पष्ट लेखकाने काय लिहावयास हवे होते?

यात अद्भुत कमी आणि केळीच्या व्यापाराचे तंत्र अधिक आहे. केळे हा नाशवंत माल. तो हिरवा असतानाच तोडावा लागतो आणि ठराविक अवधीत थंड कोठाराच्या जहाजात चढवावा लागतो. तेव्हा तोडणी कधी करावयाची हे शेत ठरवीत नाही, ऋतू ठरवीत नाही, मजूर तर नाहीच. ते जहाजाचे वेळापत्रक ठरवते. जहाज आले की रात्रंदिवस काम, गेले की रिकामे हात. १८९९ साली स्थापन झालेल्या युनायटेड फ्रूट कंपनीने कोलंबियाच्या कॅरिबियन किनाऱ्यावर सांता मार्ताच्या परिसरात हेच तंत्र राबवले. तेथील आराकाताका या गावी १९२७ साली मार्केझ जन्मले. माकोन्दो हे नावही त्यांनी हवेतून काढलेले नाही. आगगाडीतून जाताना दिसणाऱ्या एका केळीच्या मळ्याच्या पाटीवर ते लिहिलेले होते. ज्या मजुराचा दिवस समुद्रापलीकडच्या कचेरीत ठरतो, त्याला काळ कधी थिजलेला आणि कधी बेफाम धावणारा वाटला तर त्यात जादू कसली?

आता वेतनाकडे पाहा. कंपनी मजुरांना रोख पैसे देत नसे, चिठ्ठ्या देई. आणि त्या चिठ्ठ्यांवर कंपनीच्याच दुकानातून व्हर्जिनियाचे डुकराचे मांस तेवढे मिळे. कादंबरीतील होसे आर्कादिओ सेगुन्दो हा कामगार पुढारी यातील मख्खी उघड करतो. केळी उतरवून न्यू ऑर्लिन्सहून परतणारी जहाजे रिकामी यावी लागू नयेत म्हणून दुकानांचा माल भरून आणला जाई, आणि तो माल खपावा म्हणून चिठ्ठ्या. म्हणजे मजुराची मजुरी हेच कंपनीच्या परतीच्या जहाजाचे भाडे! हे उघड केल्याबद्दल त्याला तुरुंगात टाकतात. कर्नलच्या माशांचे चक्र जेथल्या तेथे फिरते. कंपनीचे चक्र प्रत्येक फेरीत गावातून काही उचलून नेते. पैसा, माल आणि अधिक पैसा हे मार्क्सचे सूत्र इतक्या सहजतेने क्वचितच कोणा कादंबरीकाराने कथेत उतरवले असेल.

प्रत्यक्ष इतिहासात १२ नोव्हेंबर १९२८ रोजी या प्रदेशातील केळी-कामगारांचा संप सुरू झाला. मागण्या नऊ होत्या. आठवड्याला एक दिवस विश्रांती हवी, वेतन आठवड्याच्या आठवड्याला मिळावे, चिठ्ठ्या आणि सक्तीची दुकाने बंद व्हावीत, अपघाताची भरपाई मिळावी, कंत्राटी पद्धत जावी. या मागण्यांपैकी पहिल्या दोन मुळात काळावरील हक्काच्या मागण्या आहेत, हे वाचकांच्या ध्यानी येईलच. कंपनीचे उत्तर असे की हे आमचे कामगारच नव्हेत, ते कंत्राटदारांचे. कादंबरीत वकील हाच युक्तिवाद न्यायालयात करतात आणि न्यायालय निकाल देते की असे कामगार अस्तित्वातच नाहीत. वाचक हसतो. परंतु ज्या महाराष्ट्रात हजारो जोडपी दरसाल कोयता घेऊन साखर कारखान्यांच्या उसात उतरतात आणि कागदोपत्री ती मुकादमाची असतात, कारखान्याची नसतात, तेथील वाचकाने हसण्यापूर्वी थोडे थांबावे.

५ डिसेंबरच्या रात्रीनंतर सिएनागा येथील रेल्वे स्थानकासमोर जमलेल्या संपकऱ्यांवर सैन्याने गोळ्या झाडल्या. सेनापती होते जनरल कार्लोस कोर्तेस वर्गास. कादंबरीत हे नाव बदललेले नाही. संपकऱ्यांना गुन्हेगारांची टोळी ठरवणारा त्यांचा हुकूम जमावासमोर वाचला जातो, पांगण्यासाठी पाच मिनिटे दिली जातात, नंतर आणखी एक मिनिट. मिनिटा-मिनिटाचा एवढा काटेकोर हिशेब माकोन्दोत दुसऱ्या कशासाठी झाल्याचे आठवत नाही. एकेकाळी या गावातील घड्याळे सर्वांसाठी एक धून वाजवीत. आता जे एकमेव घड्याळ बिनचूक चालते ते बंदुका रोखणाऱ्यांचे असते.

यानंतर पाऊस. चार वर्षे, अकरा महिने आणि दोन दिवस. कंपनी जाहीर करते की पाऊस संपेपर्यंत काम स्थगित, आणि ती कधीच परतत नाही. लोक दारात बसून राहतात. काळाचे महिने आणि वर्षे असे तुकडे पाडणेही त्यांना व्यर्थ वाटू लागते. रूढ समीक्षा येथे काव्याची दाद देऊन पुढे जाते. वास्तविक पाहता बेकारीचे याहून नेमके वर्णन दुर्मिळ आहे. भांडवल निघून गेलेल्या ज्या गावात मागे रूळ, गंजलेल्या तारा आणि बदललेली नदी तेवढी उरली, त्या गावाला तारीख कशासाठी हवी? गिरणी बंद पडलेल्या चाळीला हे समजावून सांगावे लागणार नाही.

आणि पावसाबरोबर विस्मरण. कादंबरीत विस्मरण दोनदा येते. पहिले निद्रानाशाच्या साथीतून. त्या वेळी लोक वस्तूंवर चिठ्ठ्या डकवून आठवण टिकवण्याचा यत्न करतात आणि शेवटी औषधाने बरे होतात. दुसरे विस्मरण सरकारी आहे. येथे कोणी मेले नाही, कामगार समाधानाने घरी गेले, माकोन्दो हे सुखी गाव आहे. या दुसऱ्या रोगावर चिठ्ठ्यांचा उपाय चालत नाही, कारण चिठ्ठ्या छापणारेच सरकार आहे. सदैव मार्च आणि सदैव सोमवार असलेल्या खोलीत हत्याकांडातून वाचलेला होसे आर्कादिओ सेगुन्दो दडून बसतो. बाहेर खोट्या नोंदींचा काळ पुढे सरकत असताना साक्षीदाराचा काळ तेथे अडून राहतो. ही जादू नव्हे. नाकारलेल्या साक्षीची हीच अवस्था असते.

येथे एक आक्षेप येतो, आणि त्याला उत्तर दिलेच पाहिजे. कादंबरीत मृतांची संख्या तीन हजार आहे. कोर्तेस वर्गास यांनी ४७ मान्य केले. मार्केझ यांनी स्वतः पुढे सांगितले की कादंबरीच्या व्याप्तीला साजेसा आकडा हवा होता, एक पुरी आगगाडी भरावयाची होती, म्हणून तीन हजार झाले. तेव्हा काही इतिहासकार म्हणतात की कादंबरीकाराने अतिशयोक्तीला इतिहासाचे रूप दिले. आक्षेपात तथ्य आहे तेवढे मान्य करू : तीन हजार हा पुरावा नव्हे, आणि तो पुराव्याप्रमाणे वापरणाऱ्या आमच्या बाजूच्या मंडळींनीही तो तसा वापरू नये. परंतु खरा आकडा आजवर निश्चित का झाला नाही, हा प्रश्न आक्षेपकांनी स्वतःला विचारावा. जानेवारी १९२९ मध्ये बोगोता येथील अमेरिकी राजदूताने आपल्या सरकारला कळवले होते की कंपनीच्याच प्रतिनिधीच्या सांगण्याप्रमाणे मृत संपकरी एक हजाराहून अधिक आहेत. त्याच वर्षी होर्हे एलिएसेर गायतान यांनी हा प्रश्न कोलंबियाच्या संसदेत गाजवला. ४७ आणि हजार यांमधील दरी कादंबरीकाराने खोदलेली नाही; ज्यांनी प्रेते मोजू दिली नाहीत त्यांनी ती खोदली. मोजणीचा अधिकार ज्याच्या हाती असतो, त्याने नंतर दुसऱ्याच्या आकड्याला अतिशयोक्त म्हणावे, हा न्याय विपरीत आहे.

माकोन्दोच्या काळाचा खरा प्रतिवादी मात्र अर्थशास्त्रात आहे. १९६० साली वॉल्ट रोस्टोव्ह यांनी ‘आर्थिक वाढीच्या अवस्था’ हा ग्रंथ लिहिला आणि त्याला ‘साम्यवादेतर जाहीरनामा’ असे उपशीर्षक दिले. त्यांच्या मते सर्व देश एकाच जिन्यावर उभे आहेत. पारंपरिक समाजापासून व्यापक उपभोगाच्या युगापर्यंत पायऱ्या पाच. कोणी वर आहे, कोणी खाली, एवढाच भेद. म्हणजे मागासलेला देश हा फक्त उशिरा निघालेला देश. हा काळाचा सिद्धान्त आहे आणि तो दिसतो तितका निष्पाप नाही. त्यात माकोन्दो आणि न्यू ऑर्लिन्स दोन वेगळ्या शतकांत राहतात. प्रत्यक्षात ती एकाच शतकात, एकाच जहाजाच्या दोन टोकांना होती. राऊल प्रेबिश यांनी १९४९ सालीच दाखवले होते की कच्चा माल विकणाऱ्या देशांच्या व्यापारशर्ती दीर्घकाळात घसरत जातात. आंद्रे गुंडर फ्रँक यांनी १९६६ साली म्हटले की अल्पविकास ही मूळ स्थिती नसून विकासाच्याच प्रक्रियेतून निर्माण झालेली वस्तू आहे. पुढच्याच वर्षी ही कादंबरी आली. माकोन्दो जिन्याच्या खालच्या पायरीवर रेंगाळलेले नव्हते. त्याच्या पायरीची फळी काढून वरच्या मजल्याला लावली होती.

१९९६ साली चिलीतील दोन तरुण लेखकांनी ‘मॅकोन्दो’ या विडंबक नावाचा कथासंग्रह संपादित करून सांगितले की आमची शहरे संगणकांची आणि उपाहारगृहांच्या साखळ्यांची आहेत, उडत्या स्त्रियांची नाहीत. जादूच्या बाजारपेठेविषयीचा त्यांचा वैताग रास्त होता. पण नव्या पाट्या लागल्या म्हणून जुना हिशेब मिटत नाही. युनायटेड फ्रूटची वारसदार असलेल्या चिकिता कंपनीने २००७ साली अमेरिकी न्यायालयात कबूल केले की कोलंबियातील उजव्या निमलष्करी टोळ्यांना तिने १९९७ ते २००४ या काळात १७ लाख डॉलरहून अधिक रक्कम दिली. दंड झाला अडीच कोटी डॉलर. जून २०२४ मध्ये फ्लोरिडातील ज्यूरीने त्या टोळ्यांनी केलेल्या आठ हत्यांबद्दल कंपनीला जबाबदार धरून मृतांच्या कुटुंबियांना ३ कोटी ८३ लाख डॉलर देण्याचा निर्णय दिला. काळ गोल फिरतो, असे म्हातारी उर्सुला म्हणते तेव्हा समीक्षक मिथक शोधतात. ज्या गोष्टीचा हिशेब पुरा होत नाही ती पुन्हा घडते, एवढा साधा त्याचा अर्थ आहे. आणि उपरोधाची परिसीमा अशी की मेक्सिकोच्या आखातातील ज्या तेलविहिरीचा २० एप्रिल २०१० रोजी स्फोट होऊन अकरा कामगार मेले आणि ८७ दिवस समुद्रात तेल वाहत राहिले, त्या विहिरीचे नाव माकोन्दो ठेवलेले होते. भांडवलाने गाव घेतले, मग गावाची गोष्ट घेतली, शेवटी नावही घेतले.

आपल्या डाव्या मित्रांपैकी काहींचा आक्षेप निराळा आहे. ते म्हणतात, शेवटी वादळ येऊन सारे गाव पुसून टाकते, शंभर वर्षांच्या एकाकीपणाची शिक्षा झालेल्यांना दुसरी संधी नाही असे सांगितले जाते. हा नियतिवाद नव्हे काय? शेवटाचा नीट विचार केला तर तसे दिसत नाही. गावाचा सारा इतिहास मेल्कियादेस या भटक्या जिप्सीने आधीच लिहून ठेवलेला असतो, आणि तोही संस्कृतात, कारण ती त्याची मातृभाषा! घराण्यातील शेवटचा औरेलियानो ती पोथी उलगडतो तेव्हा त्याला वाचता येते, कळतेही. पण तो एकटा असतो आणि वादळ दाराशी आलेले असते. ज्ञान ही एका बंद खोलीतील एका माणसाची मिरास झाली की ते उशिराच पोचते, हे संस्कृत पोथ्यांच्या आणि बंद ज्ञानाच्या देशात वेगळे सांगावयास नको. एकाकीपणाचा विरुद्धार्थी शब्द एकजूट, असे मार्केझ यांनीच म्हटले आहे. तीन हजारांचा जमाव स्थानकासमोर होता तेव्हा गावाला संधी होती. तो जमाव पुसला गेला आणि एक वाचक उरला, हा पराभव आहे, नियती नव्हे.

शिवाय लेखकाने तो शेवट तसाच सोडलेला नाही. १९८२ च्या नोबेल भाषणात त्यांनी युरोपला बजावले की आम्हाला तुमच्या मापाने मोजू नका. लंडनला पहिली तटबंदी उभारण्यास तीनशे वर्षे लागली आणि बिशप मिळण्यास आणखी तीनशे. भाषणाचा समारोप करताना त्यांनी कादंबरीचे शेवटचे वाक्य उलटवले आणि त्याच लोकांना पृथ्वीवर दुसरी संधी मिळेल अशी आशा व्यक्त केली. ही संधी कोणी बक्षीस देणार नाही. आठवड्याचा एक दिवस आपला असावा म्हणून १९२८ साली जे उभे राहिले त्यांना ते ठाऊक होते.

आराकाताका गावाच्या नावाला माकोन्दो हे नाव जोडावे असा प्रस्ताव २००६ साली तेथे मतास टाकण्यात आला. पर्यटक येतील, अशी अपेक्षा होती. पुरेशी मतेच पडली नाहीत आणि प्रस्ताव बारगळला. त्यांच्या गावाला निदान स्वतःचे नाव राहिले. आपण वाचकांनीही तेवढा विवेक ठेवावा. माकोन्दोत काळ विचित्र का वाहतो, असे कोणी विचारील तेव्हा आकाशाकडे बोट दाखवू नये. कुंपणाआडच्या कचेरीकडे दाखवावे, आणि तिच्यातील नोंदवही मागावी.